तेरा सेकंद परत लाव

चि. मुली,

अमेरिकेतल्या रॉडनी किंग या कृष्णवर्णीय माणसावरच्या तुझ्या व्हिडिओत तू त्या तेरा सेकंदांबद्दल बोललीस, आपल्याच लोकांनी तुला 'पोलिसांची वकील' ठरवलं आणि तू तो भाग कापलास. तो परत लाव. त्याला मारणाऱ्या चार पोलिसांना ज्युरीने जवळपास सगळ्या आरोपांतून सोडलं, तो निकाल अन्यायाचा होता, यावर तुझं-माझं दुमत नाही. त्यावर शाई घालवत नाही.

मार्च १९९१ मध्ये लॉस एंजेलिसच्या पोलिसांनी किंगला बडवलं, ते जॉर्ज हॉलिडेने बाल्कनीतून टिपलं. टीव्हीवर ते दिवसरात्र फिरलं, पण वारंवार सुरुवातीचा तेरा सेकंदांचा तुकडा वगळून. त्यात किंग उठून एका पोलिसाच्या दिशेने जातो. ज्युरीने अख्खी टेप पाहिली. लोकांनी पाहिली ती वेगळीच. अगं, अख्ख्या टेपमध्येही पन्नासहून जास्त फटके आहेतच! तेरा सेकंद दाखवून त्यातला एक तरी कमी होतो का? मग पोलिसांच्या बचावाच्या वकिलांना आयतं कोलीत का द्यायचं? पूर्ण दाखव. याच गाजावाजाचं कारण देऊन खटला शहराबाहेर, सिमी व्हॅलीच्या गोऱ्या वस्तीत हलवला गेला, हेही सांग.

मी मोठा शहाणा, असं समजू नकोस. निकाल २९ एप्रिल १९९२ चा. दुसऱ्या दिवशी रात्रपाळीला वर्तमानपत्राच्या डेस्कवर मी. वृत्तसंस्थेच्या तारेत 'ज्युरीत एकही कृष्णवर्णीय नाही' असं होतं. मी मथळा ठोकला, 'गोऱ्या ज्युरीकडून चौघे निर्दोष'. प्रत्यक्षात, तेव्हाच्या बातम्यांनुसार, दहा गोरे, एक लॅटिनो, एक आशियाई. आणि चौघांपैकी पॉवेल या पोलिसावरच्या एका आरोपाबाबत ज्युरीचं एकमतच झालं नव्हतं. ते तारेच्या तळाशी होतं, मी तिथवर वाचलंच नाही. महाराष्ट्र दिनाचा अंक, जाहिरातींनी पान भरलेलं, जागा दीड कॉलम. खरंच जागा नव्हती गं. पुढच्या वर्षी फेडरल, म्हणजे केंद्राच्या कोर्टात, वेगळ्या खटल्यात पॉवेल आणि चौघांपैकीच कून दोषी ठरले, तीस महिन्यांची शिक्षा झाली. एका वाचकाचं पोस्टकार्ड आलं: 'निर्दोष सुटलेले आत कसे?' ते अजून माझ्याकडे आहे.

त्यानंतर मी पूर्ण मजकूर वाचल्याशिवाय मथळा देईना. अंक उशिरा सुटायचा, बढती हुकली. हुकू दे. मी बरोबरच होतो.

तर तेरा सेकंद लाव, ज्युरीची नीट मोजणी टाक, तो अर्धवट राहिलेला आरोपही टाक. मग फोन कर. अकरानंतर केलास तरी चालेल, रात्रपाळीची खोड अजून गेलेली नाही.

तुझा,
काका