जर्मन डीएलएल शोधायला निघण्याआधी

विंडोजवरच्या एखाद्या प्रोग्रामाची जर्मन डीएलएल, म्हणजे त्याचा जर्मन मजकूर ठेवणारी जोडफाइल, सापडत नाही असा संदेश आला, तर फाइलचं नाव गूगलवर टाकून कुठल्याही 'मोफत डीएलएल' साइटवरून ती उतरवू नका. एवढं एक कृपया पाळाच. तिच्यात व्हायरस असू शकतो, आणि नसला तरी ती तुमच्या आवृत्तीची असेलच असं नाही.

डॉटनेटवर (प्रोग्राम बनवण्या-चालवण्याची मायक्रोसॉफ्टची प्रणाली) बनलेल्या प्रोग्रामात बहुतेकदा 'डीई' (जर्मन भाषेचा संकेत) नावाचा छोटा फोल्डर असतो. त्यातल्या, नावाशेवटी 'रिसोर्सेस डॉट डीएलएल' असलेल्या फाइलमध्ये मेनू, बटणं, सूचना यांचा जर्मन मजकूर असतो. काम करणारा कोड मुख्य प्रोग्रामात राहतो. ऑस्ट्रियाची जर्मन, म्हणजे 'डीई-एटी', मागितली आणि नसली, तर प्रोग्राम साध्या 'डीई'कडे वळतो. तीही नसेल तर मूळ भाषेकडे, बहुधा इंग्रजीकडे. म्हणजे हा फोल्डर हरवला तर सहसा प्रोग्राम इंग्रजीत दिसतो, बंद पडत नाही. बंदच पडत असेल तर कारण दुसरीकडे शोधा.

एमएफसी या मायक्रोसॉफ्टच्या साधनसंचावर बनलेल्या जुन्या प्रोग्रामांत भाषेच्या फाइलच्या नावाशेवटी 'डीईयू' जोडलेलं असतं. मायक्रोसॉफ्टच्या काही सॉफ्टवेअरमध्ये १०३१ नावाचा फोल्डर दिसेल. हा विंडोजने जर्मनीतल्या जर्मनला दिलेला क्रमांक आहे, कचरा समजून उडवू नका.

खरा घोळ होतो तो अपडेट अर्धवट झाल्यावर: मुख्य प्रोग्राम नवा, भाषेची फाइल जुनी. डॉटनेट साधारणपणे दोन्हींची आवृत्ती जुळवून पाहतं. अशा वेळी दुसऱ्या संगणकावरून फाइल आणून चिकटवण्यापेक्षा त्याच आवृत्तीचा मूळ इन्स्टॉलर चालवा, 'रिपेअर' निवडा आणि भाषांच्या यादीत जर्मनवर खूण आहे ना ते बघा.