शोकांतिका की शोकात्मिका?

प्रश्न असा आहे : प्राचीन ग्रीक नाटककार एस्किलसच्या ‘ऑरेस्टिया’ या तीन नाटकांच्या मालिकेचा शेवट निर्दोष सुटकेने आणि मिरवणुकीने होतो. तरी तिला ‘शोकांतिका’ म्हणायचे का? नाही, तर काय म्हणायचे?

शंका रास्त आहे. ‘शोकांतिका’ म्हणजे जिच्या अंती शोक आहे ती. मूळ ग्रीक शब्द ‘त्रागोदिया’. ‘त्रागोस’ म्हणजे बोकड, ‘ओदे’ म्हणजे गाणे. त्यात शोक नाही आणि अंतही नाही. अथेन्सच्या दियोनिसस-उत्सवात एकेक नाटककार तीन त्रागोदिया आणि एक सॅटिर-नाटक, म्हणजे थट्टामस्करीचे नाटक, सादर करी. शेवट कसाही असो, त्या तिघींना नाव हेच.

इ.स.पू. ४५८ मधल्या ‘ऑरेस्टिया’त पहिल्या नाटकात राणी नवऱ्याला मारते, दुसऱ्यात मुलगा आईला. तिसऱ्यात खटला चालतो, मते समसमान पडतात म्हणून तो मुलगा, ऑरेस्टिस, सुटतो आणि सूडदेवतांना नगरीत मानाचे स्थान मिळते. ‘शोकांतिका’ या अपेक्षेने बसलेला प्रेक्षक शेवटी मरणाची वाट पाहत राहतो. सुडाच्या जागी न्यायासन कसे येते, हा आज आपल्याला सर्वांत जवळचा वाटावा असा भाग. तोच त्याला ओढूनताणून गोड केलेला शेवट वाटतो. एका शब्दाने होणारे हे नुकसान मोठे आहे. सोफोक्लीजच्या ‘फिलॉक्टेटीस’मध्ये (इ.स.पू. ४०९) तर नायकाला जखम बरी होण्याचे आश्वासन मिळते. युरिपिडीजच्या ‘हेलन’मध्ये (इ.स.पू. ४१२) नवरा-बायको सुखरूप निसटतात.

म्हणून ‘शोकात्मिका’ बरा. शोक हा आत्मा, शेवटाची अट नाही. समीक्षेत तो रुळलेला आहे, जोडीला ‘सुखात्मिका’ही आहे. एक उणीव मात्र राहते. त्रागोदियेने करुणेबरोबर भयही जागवावे, असे ॲरिस्टॉटल सांगतो. शोक हा करुण रसाचा स्थायिभाव, म्हणजे त्याच्या मुळाशी असलेली भावना, त्यामुळे भय शब्दाबाहेरच राहते. ‘इडिपस’ पाहताना डोळे भरून येण्याआधी छातीत धडधडते, कारण सत्य काय ते आपल्याला आधीच ठाऊक असते. नेमका ग्रीक प्रकारच सांगायचा असेल तेव्हा सरळ ‘ग्रीक ट्रॅजेडी’ लिहावे, त्यात कमीपणा नाही.

‘अँटिगनी’ला दोन्ही शब्द चालतील, तिथे अँटिगनी, हायमॉन आणि युरिडिसी असे तिघे जीव देतात. ‘ऑरेस्टिया’तले एकटे ‘ॲगमेम्नॉन’ हे पहिले नाटक केले, तरी ‘शोकांतिका’ खटकणार नाही. तिन्ही भाग होणार असतील तर जाहिरातीत ‘शोकात्मिका’च छापावे.

रोजच्या बोलण्यातली ‘शोकांतिका’ वेगळी. ‘धरण उशाला नि कोरड घशाला, ही गावाची शोकांतिका’ यात अर्थ दुर्दैव असा आहे. तिथे ‘शोकात्मिका’ घालू नये.