फोनमधल्या एआयला आपल्यासारखी बुद्धी असते का? आईला कसं समजावू?

तुमची आई फोनवर एआयशी बोलते आणि ‘याला माणसासारखी अक्कल आहे का?’ असं विचारते, तर तिला साध्या भाषेत काय सांगायचं, हा तुमचा प्रश्न. मी वर्तमानपत्रात विज्ञानावर लिहितो. व्याख्यान संपल्यावर मलाही बहुतेक वेळा हेच विचारतात.

आईंना तुमचे बोबडे बोल आठवायला सांगा. तीन वर्षांचं मूल ‘मी केलं’ऐवजी ‘मी करलं’ म्हणतं. घरात तसं कुणीच बोलत नाही. म्हणजे ही पोपटपंची नव्हे. धरलं, भरलं, मारलं ऐकून पोरानं स्वतःच नियम काढलेला असतो. पूर्वी हे उदाहरण देऊन मी ठासून सांगायचो की असं फक्त माणसाला जमतं. ते चुकीचं होतं. १९८६ साली रुमेलहार्ट आणि मॅक्लेलंड या मानसशास्त्रज्ञांनी एका छोट्या न्यूरल नेटवर्कला, म्हणजे मेंदूतल्या पेशींच्या जाळ्यावरून बेतलेल्या संगणकी रचनेला, इंग्रजी क्रियापदांची भूतकाळी रूपं शिकवली, तेव्हा शिकता शिकता त्यानंही मुलांसारख्याच चुका केल्या. त्या प्रयोगावर भाषातज्ज्ञांनी कडाडून टीका केली, आणि ती बरीचशी रास्त होती. तरीही ‘यंत्र नुसतं पाठ करतं’ हे वाक्य मी माझ्या लेखांतून काढून टाकलं.

मग फरक कुठे आहे? एक म्हणजे शिकायला किती लागतं. दहा-बारा वर्षांच्या मुलाच्या कानावर तोवर फार तर दहाएक कोटी शब्द पडलेले असतात. २०२० सालच्या जीपीटी-३ या एआयला सुमारे ३०,००० कोटी शब्दतुकडे वाचायला लागले. पुढचा तुकडा कोणता येईल याचा अंदाज करायचा, चुकला की आतले आकडे किंचित हलवायचे, हेच त्याचं शिकणं. असे आकडे १७,५०० कोटी. आपला मेंदू मात्र साधारण २० वॅटवर, म्हणजे एका छोट्या बल्बइतक्या विजेवर चालतो.

दुसरा फरक मला जास्त महत्त्वाचा वाटतो. ‘तवा तापलाय’ हे वाक्य तुमच्या आईंना बोटाला बसलेल्या चटक्यातून कळलेलं आहे. यंत्राला ते इतर वाक्यांच्या शेजारामुळे कळतं. तेवढ्यावर ते थक्क करणारी उत्तरं देतं, हे मी मनापासून मान्य करतो. पण बोलणं सफाईदार आहे म्हणून माहितीही खरी असेल, असं आपण नकळत धरून चालतो. माणसं अडखळली की आपल्याला शंका येते, इथे ती खूण मिळत नाही.

म्हणून आईंना एक करून पाहायला सांगा. इंटरनेटवर कुठेच नसेल अशी गोष्ट त्याला विचारायची. समजा, तुमच्या वाडीतली विहीर कुणी खणली. कधी ते सरळ ‘माहीत नाही’ म्हणेल, कधी एखादं नाव आणि सालही सांगेल. खरं काय ते आईंना ठाऊक असेलच. रक्तदाबाच्या गोळीबद्दल त्याला विचारण्याआधी त्यांनी हे स्वतः पाहिलेलं बरं.