'डॉक्टर हू' या ब्रिटिश विज्ञानकथा मालिकेत काळाची ऊर्जा काबूत ठेवणारी किल्ल्यासारखी वास्तू कोणती?

दोन आहेत. २०२१च्या 'फ्लक्स' पर्वातलं अट्रोपॉसचं मंदिर तुमच्या प्रश्नात चपखल बसतं. ते टाइम नावाच्या ग्रहावर आहे. तिथले मौरी हे पुजारी उधळलेला काळ स्वतःच्या अंगातून वाहू देऊन आवरतात. म्हणजे तटबंदी दगडांची नाही, माणसांची! त्यातले काही निकामी झाले की काळ मोकाट सुटतो.

दुसरी म्हणजे गॅलिफ्रे या टाइम लॉर्ड्सच्या (कालप्रवास करणाऱ्या जमातीच्या) ग्रहाची राजधानी. १९७६च्या कथेत तिच्या सभागृहाखाली रॅसिलॉन या टाइम लॉर्ड्सच्या संस्थापकाने कृष्णविवराचा गाभा जखडून ठेवलाय: 'आय ऑफ हार्मनी'. टाइम लॉर्ड्सची सगळी ताकद त्यातूनच येते. मास्टर हा खलनायक तो गाभा सोडवायला जातो आणि शहर कोसळू लागतं. मला ही जास्त पटते. मंदिराचे नियम जरा धूसरच आहेत.