वासा बुडालं ते फक्त तोफांमुळे का?

स्वीडनच्या राजाने तोफांचा दुसरा मजला चढवायला लावला आणि त्या भाराने वासा हे त्याचं युद्धजहाज बुडालं, एवढंच कारण ना, असं तुम्ही विचारलंत. हे उत्तर सर्रास ऐकायला मिळतं, पण मला ते अपुरं वाटतं. अशा तपासात दोन प्रश्न वेगळे ठेवावे लागतात: जहाज कललं का, आणि कलल्यावर परत सरळ का झालं नाही?

दुसऱ्याचं उत्तर सोपं आहे. १० ऑगस्ट १६२८ रोजी स्टॉकहोमहून निघताना तोफांच्या खिडक्या उघड्या होत्या. जेमतेम १३०० मीटर अंतर कापलं, वाऱ्याच्या झोताने जहाज डावीकडे झुकलं, खालच्या रांगेतून पाणी आत घुसलं.

पहिला प्रश्न खरा अवघड. एकूण वजनात तोफांचा वाटा तसा थोडाच होता. पाण्यावरचा सगळा लाकडी डोलाराच जड बांधलेला, आणि त्याला पेलायला खालचं पोट अरुंद. तोल सांभाळायला तळाशी सुमारे १२० टन दगड भरले होते. आणखी भरले असते तर जहाज खाली बसून त्याच खिडक्या पाण्याला टेकायला आल्या असत्या. म्हणजे निघण्याच्या दिवशी कप्तानाच्या हातात फारसं काही उरलंच नव्हतं.

आणि हे आधी दिसलं होतं! धक्क्यावर असताना ३० माणसांना डेकवर या कडेपासून त्या कडेपर्यंत पळवलं. तीन फेऱ्यांतच जहाज इतकं हेलकावलं की चाचणी थांबवावी लागली. उपनौसेनापती क्लास फ्लेमिंग तिथे हजर होते. चौकशीत हे सगळं बाहेर आलं, तरी शिक्षा कोणालाच झाली नाही. मूळ जहाजबांधणीकार हेन्रिक हायबर्टसन १६२७ मध्येच वारले होते, आणि मोजमापं राजाने मंजूर केलेली. बोट दाखवणार कोणाकडे?

तोफा नीट बांधल्या नव्हत्या का, हा प्रश्न चौकशीत कप्तानालाही विचारला गेला. त्याने ठाम नकार दिला. १९६१ मध्ये जहाज वर काढलं तेव्हा तोफांचे गाडे आपापल्या खिडक्यांपाशीच सापडले (बहुतेक तोफा १६६० च्या दशकातच काढून नेल्या होत्या). कप्तान खरं बोलत होता, हे ३३३ वर्षांनी लाकडाने सिद्ध केलं. जुनी जबानी आणि सांगाडा शेजारी ठेवून वाचायचा तो यासाठीच.

सुतारांच्या मोजपट्ट्यांबद्दलही बरंच बोललं जातं. काही स्वीडिश फुटाच्या, १२ इंची. काही ॲमस्टरडॅमच्या, ११ इंची. जहाजाच्या दोन्ही बाजू तंतोतंत जुळत नाहीत हे खरं, पण माझ्या मते ते दुय्यम कारण. दोन्ही बाजू काटेकोर सारख्या असत्या, तरी एवढ्या जड डोलाऱ्याचं जहाज पहिल्या जोरदार झोताला कललंच असतं.