आय२० मध्ये रेसिंग सीट बसवायचीय, १ लाख ४० हजार घालू का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वय ३१, चाकणला नोकरी, हातात महिना ८५ हजार, घराचा हप्ता २८ हजार, घरी बायको आणि दीड वर्षाची मुलगी, इमर्जन्सी फंडात १ लाख ९० हजार. गाडी आय२० एन लाइन, सहा एअरबॅगवाली. ड्रायव्हर साइडला फिक्स्ड बॅक बकेट सीट, म्हणजे अंगाला धरून ठेवणारी रेसिंगची खोलगट सीट टाकायचीय, सीट, रेल, ब्रॅकेट, फिटिंग सगळं धरून गॅरेजवाल्याने १ लाख ४० हजार सांगितलेत, तर पैसे फंडातून काढू की पर्सनल लोन घेऊ?

स्पष्टच सांगतो, या गाडीत आत्ता नका बसवू. हौसेला माझा विरोध नाही, कमावताय तर खर्च करा, पण इथे १ लाख ४० हजार ही खर्चाची पूर्ण रक्कमच नाहीये.

पैशांचं आधी उरकतो. घरखर्च आणि हप्ता मिळून तुमचे महिन्याला ६० हजार जातात असं लिहिलंय, म्हणजे तुमचा फंड जेमतेम तीन महिन्यांचा, आणि त्यातून सीट घेतली की उरले ५० हजार, एक महिनाही निघत नाही. घरात लहान मूल, वर होम लोन, अशा वेळी फंड सहा महिन्यांचा हवा, त्यामुळे तो पर्याय बाद. पर्सनल लोन १४ टक्क्यांनी दोन वर्षांसाठी घेतलं तर हप्ता ६,७०० च्या आसपास आणि व्याज साधारण २१ हजार, प्रोसेसिंग फी वेगळी. क्रेडिट कार्डवर ईएमआय केला तर व्याजावर परत १८ टक्के जीएसटी. आणि गाडी विकताना या सीटचे पैसे कोणी देत नाही, उलट ओरिजिनल सीट कुठाय असं विचारतात, म्हणजे ती घरात कुठेतरी जपून ठेवणं आलंच.

आता खरी गोष्ट. तुमच्या गाडीची साइड एअरबॅग पुढच्या सीटच्या पाठीतच बसवलेली आहे. सीट काढली की ती एअरबॅग गेली. सीटखाली पिवळं कनेक्टर असतं, ते काढलं की डॅशबोर्डवर एअरबॅगचा लाइट लागतो, आणि तो लाइट घालवायला काही गॅरेजवाले त्या कनेक्टरमध्ये एक छोटा रेझिस्टर टाकून देतात. गाडीला वाटतं एअरबॅग आहे, लाइट बंद, कस्टमर खूश. हे अजिबात करून घेऊ नका, कोणी कितीही सांगितलं तरी. सीट बेल्टचं बकलसुद्धा बऱ्याच हॅचबॅकमध्ये सीटच्या फ्रेमलाच लावलेलं असतं, ते नव्या रेलवर कुठे आणि कशाला बोल्ट करणार हे गॅरेजवाल्याला विचारा, उत्तर गोलमोल आलं तर तिथूनच परत फिरा. हार्नेस, म्हणजे दोन्ही खांद्यांवरून येणारा रेसिंगचा पट्टा लावतो म्हणाला तर तेही रोजच्या गाडीत नको, रोल केज (छप्पर तोलून धरणारा पाइपांचा सांगाडा) नाही, मान सांभाळणारं हान्स डिव्हाइस नाही, गाडी उलटली तर हार्नेस माणसाला सरळ धरून ठेवतो आणि छप्पर खाली येतं.

इन्शुरन्सचं काय? गाडीत केलेला बदल कंपनीला कळवलेला नसेल तर ओन डॅमेज क्लेमच्या, म्हणजे स्वतःच्या गाडीच्या नुकसानीच्या दाव्याच्या वेळी वाद घालायला त्यांना आयतं कारण मिळतं, आणि सीट पॉलिसीत अ‍ॅक्सेसरी म्हणून दाखवली नसेल तर तिचे पैसे मिळायचे नाहीतच. कायद्याच्या बाजूने मोटर वाहन कायद्याचं कलम ५२ आहे, आरसीवरच्या तपशिलाशी न जुळणारे बदल करायला ते मनाई करतं, २०१९ साली सुप्रीम कोर्टानेही त्यावर कडक भूमिका घेतलीय. सीट बदलणं त्यात बसतं की नाही हा वादाचा मुद्दा होऊ शकतो, पण अपघातानंतर तो वाद तुमच्या घरच्यांनी घालायचा का, हा विचार करा. तुमची टर्म पॉलिसी (निव्वळ आयुर्विमा) नाही, फक्त कंपनीचं कव्हर आहे. गाडीच्या पॉलिसीबरोबर ओनर ड्रायव्हरचं पीए कव्हर, म्हणजे वैयक्तिक अपघात विमा येतो ते १५ लाखांचं. तुमच्या नुसत्या होम लोनलाही ते पुरत नाही हो, आणि मला तुमच्या पूर्ण मेलमध्ये सगळ्यात जास्त काळजी याचीच वाटली. त्यामुळे पहिले पैसे टर्म प्लॅनला, सीटच्या आधी.

बायकोही गाडी चालवते म्हणालात. फिक्स्ड बॅक सीटची पाठ मागेपुढे होत नाही, उंची ब्रॅकेटच्या भोकांवर ठरते, तुमच्या मापाने बसवली की तिला रोज उशी घेऊन चालवावी लागेल.

स्वस्तात सेकंड हँड इम्पोर्टेड सीट मिळतेय असंही लिहिलंय. लेबल बघा. एफआयए (मोटर रेसिंगची जागतिक संघटना) च्या ८८५५-१९९९ मानकाची सीट असेल तर स्पर्धेसाठी तिची मुदत बनवल्यापासून ५ वर्षं असते, मुदत संपलेली सीट म्हणूनच स्वस्त मिळते. आणि कॉपी माल तर नकोच नको.

ट्रॅकवर जायचं मनात असेल तर कोइंबतूरचा कारी मोटर स्पीडवे किंवा चेन्नईजवळ इरुंगट्टुकोट्टईचा ट्रॅक, दोन्ही पुण्याहून हजार किलोमीटरच्या पुढे, वर्षात एकदोनदा जाणं होईल. त्यासाठी रोज ऑफिसला जाताना साइड एअरबॅगवर पाणी सोडायचं हे मला पटत नाही. त्यापेक्षा चांगले टायर आणि ब्रेक पॅड घाला, एखाद्या ट्रॅक स्कूलचा कोर्स करा, फरक लगेच कळेल. आणि दोनतीन वर्षांनी जुनी एखादी गाडी फक्त ट्रॅकसाठी घेतलीत तर बकेट सीट तिच्यात बसवा, केज आणि हार्नेससकट, तेव्हा मी स्वतः बजेट बसवून देईन. त्यासाठी आत्तापासून महिना ५ हजारांची वेगळी आरडी चालू करा, टर्म प्लॅनचा प्रीमियम आणि फंडाची भर बाजूला काढून जमत असेल तरच, नाहीतर ३ हजारांनी सुरू करा.

हे सगळं वाचूनही सीट घ्यायचीच असं ठरलं, तर निदान इन्शुरन्स कंपनीला आधी ईमेल करा, लेखी उत्तर येईपर्यंत गॅरेजला अ‍ॅडव्हान्स देऊ नका.