प्रश्न तुमचे: फळांचं गरम पेय कडू का होतं?

गेल्या अंकात सफरचंदाच्या गरम, मसालेदार रसाची चार ओळींची कृती दिली होती. ही गोष्ट चार ओळींत मावत नाही, हे तुमच्या पत्रांवरून कळलं. निम्म्या पत्रांत तक्रार एकच आहे: ‘कडू झालं.’ त्याचं उत्तर फळागणिक बदलतं, म्हणून यावेळी सगळी जागा याच विषयाला दिली आहे.

प्रश्न : बाजारचा रस न वापरता ताज्या सफरचंदांपासून करून पाहिलं. पहिल्यांदा पाणचट झालं, दुसऱ्यांदा थेट पेज. नेमकं प्रमाण द्याल का? (नाशिक)

पेज होण्याची कारणं दोन. एक म्हणजे सफरचंद भुसभुशीत होतं. हिवाळ्यात मिळणारं काश्मीर-हिमाचलचं सफरचंद बहुतेक वेळा शीतगृहातलं असतं, कारण त्याची तोडणी ऑगस्ट ते ऑक्टोबरमध्येच उरकते. फार दिवस ठेवलेल्या फळात पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन सैल पडतं आणि पाण्यात पडताच फोडी विरघळतात. घेताना नखाने टिचकी मारा. टणक, भरीव आवाज आला तर घ्या, बद्द आला तर ते खायला ठेवा. दुसरं कारण, शिजलेला लगदा तुम्ही गाळणीत पळीने दाबून काढला असणार. दाबायचा नाही, निथळू द्यायचा.

प्रमाण सहा-सात कपांचं. १ किलो सफरचंद, त्यात निम्मी हिरवी आंबट मिळाली तर उत्तम. वरचं मेण जावं म्हणून कोमट पाण्यात चोळून धुवा, सालं ठेवा, बिया आणि मधला भाग काढा, प्रत्येकाच्या आठ फोडी करा. सव्वा लिटर पाणी घालून झाकण ठेवून मंद आचेवर २५ ते ३० मिनिटं शिजवा. फोडीत सुरी सहज गेली की बंद. चाळणीवर मलमलचं फडकं पसरून त्यावर ओता आणि अर्धा तास हात लावू नका. साधारण सव्वा लिटर गढूळसर रस मिळेल.

आता मसाला: दालचिनीचे दोन इंची २ तुकडे, ४ लवंगा, ६ मिरे, २ वेलदोडे, ठेचलेलं इंचभर आलं. याची पुरचुंडी बांधून रसात सोडा आणि झाकण ठेवून १५ मिनिटं अगदी मंद आचेवर ठेवा. कडेला बारीक बुडबुडे दिसले पाहिजेत, खळखळ उकळी नको. मसाल्याचा वास म्हणजे त्यातली उडून जाणारी तेलं. उघड्या पातेल्यात उकळलंत तर स्वयंपाकघर घमघमतं आणि कपात काही उरत नाही. गॅस बंद करून पाच मिनिटांनी पुरचुंडी काढून टाका. मग चवीपुरता गूळ (दोन मोठे चमचे पुरतो), चिमूटभर मीठ आणि चमचा-दीड चमचा लिंबाचा रस घाला. पाणचट वाटतं तेव्हा बहुधा गोडी कमी नसते, आंबटपणा कमी असतो. आधी लिंबू वाढवून बघा.

उरलेला लगदा टाकू नका. गूळ घालून आटवला की पोळीबरोबर खायला होतो.

प्रश्न : दालचिनीमुळे पेय बुळबुळीत झालं. शिवाय घरचा चहाचा मसाला घातला तर घसा जळाला. (पुणे)

आपल्याकडे किराणा दुकानात दालचिनी म्हणून मिळते ती बहुतेकदा जाड सालीची, कडक, एकाच पदराची गुंडाळी असते. ही कॅशिया. तिच्या सालीत चिकट द्रव्य असतं आणि ते उकळताना सुटतं. पूड केलीत तर जास्तच, तळाशी अक्षरशः सायीसारखा थर बसतो. अख्खा तुकडा वापरा आणि पंधरा मिनिटांत बाहेर काढा. श्रीलंकेची दालचिनी पातळ, अनेक पदरांची आणि बोटांनी चुरडता येणारी असते. ती महाग, पण या पेयात तिचा सौम्यपणा शोभतो.

चहाच्या मसाल्याचं गणित वेगळं. चहात दूध असतं आणि दुधातला स्निग्धांश मसाल्याचा तिखटपणा धरून ठेवतो. फळांच्या रसात स्निग्ध काहीच नाही, त्यामुळे तीच सुंठ आणि तेच मिरे थेट घशाला लागतात. घालायचाच असेल तर चहाच्या निम्मा घाला आणि पाच मिनिटं स्थिर ठेवून वरचं निवळ ओता. दूध घालून सौम्य करायला जाऊ नका, फाटेल.

प्रश्न : संत्र्याचा रस ताजा पिताना गोड होता, मसाला घालून उकळला तर कडूजहर. मसाला चुकला का? (अमरावती)

मसाला चुकला नाही. उकळणं चुकलं. संत्र्यात कडूपणाचं एक पूर्वरूप असतं, त्याला स्वतःची चव नसते. फळ पिळलं की रसातल्या आम्लामुळे त्याचं हळूहळू लिमोनिन होतं आणि लिमोनिन कडू असतं. म्हणूनच सकाळी काढलेला रस दुपारी कडवट लागतो. उष्णतेने तेच काम झपाट्याने होतं. नागपुरी संत्र्यात बिया भरपूर. मिक्सरमध्ये फिरवलंत की त्या चिरडतात आणि उरलीसुरली कसर भरून काढतात.

म्हणून संत्र्याला उलटी रीत. अर्धा लिटर पाण्यात दालचिनीचा १ तुकडा, ३ लवंगा, ठेचलेलं आलं आणि दोन चमचे गूळ घालून झाकून १२ मिनिटं उकळा, गाळा, मिनिटभर थांबा. मग हाताने पिळलेला अर्धा लिटर रस त्यात ओता आणि गॅस पुन्हा पेटवू नका. ९० अंशांचं पाणी आणि खोलीच्या तापमानाचा तेवढाच रस मिळून पेय पंचावन्न-साठ अंशांच्या आसपास येतं, म्हणजे घोट घेता येईल इतकं गरम. रस फ्रिजमधून थेट काढलात तर मात्र ते कोमट होईल, तासभर आधी बाहेर ठेवा. सालीचा वास हवा असेल तर फक्त वरचा नारिंगी पापुद्रा सोलून पाण्यात टाका, पांढरा भाग नको. अंबिया बहाराची संत्री संपली तरी फेब्रुवारी-मार्चमध्ये मृग बहाराची येतात, तेव्हा घाई नाही.

एकदा कडू झालेलं पेय सुधारत नाही. साखर वाढवण्यापेक्षा चिमूटभर मीठ कडूपणा जास्त दाबतं, इतकंच.

प्रश्न : मुलगी मेक्सिकोत असते. नाताळात तिथे ऊस आणि पेरू घातलेलं गरम पेय प्यायली म्हणते. इथे करता येईल? (सांगली)

ते ‘पोंचे’. १६ ते २४ डिसेंबर या पोसादांच्या, म्हणजे नाताळाआधीच्या नऊ रात्रींच्या उत्सवाच्या दिवसांत तिथे मोठमोठी पातेली भरून करतात. गंमत अशी की त्यातलं जवळजवळ सगळं सांगलीच्या मंडईत आहे. ऊस, पेरू, चिंच, दालचिनी आहेतच. ‘पिलोन्सियो’ म्हणजे सुळक्याच्या आकाराचा त्यांचा गूळ. ‘हामाइका’ म्हणजे लाल अंबाडीची वाळलेली बोंडं. मिळणार नाही ते फक्त तेहोकोते नावाचं बोराएवढं पिवळसर फळ. त्याऐवजी लहान, टणक सफरचंदं घ्या.

३ लिटर पाण्यात २५० ग्रॅम गूळ, दालचिनीचे २ तुकडे, ४ लवंगा, मूठभर अंबाडीची बोंडं घालून दहा मिनिटं उकळा आणि बोंडं गाळून काढा. उसाची दोन कांडी सोलून, बोटभर लांब उभे तुकडे करून टाका, २० मिनिटं. मग चार सफरचंदांच्या जाड फोडी, मूठभर मनुका आणि लिंबाएवढ्या चिंचेचा कोळ, १५ मिनिटं. पेरू सगळ्यात शेवटी: पिवळसर पण घट्ट असे आठ पेरू, अर्धे करून, फक्त आठ-दहा मिनिटं. पेरू आधी घातला की गर फुटतो आणि बिया पातेलंभर होतात, मग प्रत्येक घोटाला दाताखाली कचकच. इथे उकळलेलं चालतं, कारण यात संत्र्याचा रस नाही, फळांच्या फोडी शिजतायत. कपात फोडींसकट वाढायचं आणि ऊस चघळायचा. तिथे मोठ्यांच्या कपात रम किंवा टकीलाही पडते.

प्रश्न : हुरडा पार्टीला ५० जण आहेत. सफरचंदाचं पेय घरून न्यायचं आहे. सगळं पटीत वाढवायचं का? (अहिल्यानगर)

माणशी १२० मिली धरा, म्हणजे ६ लिटर. फळ आणि पाणी पाचपट करा. मसाला मात्र तिपटीवर थांबवा, लवंगा बारा पुरेत. मोठं पातेलं तापायला आणि निवायलाही वेळ घेतं, तोवर मसाला उतरतच राहतो. लवंग जास्त झाली की जीभ बधिर होते आणि मग हुरड्याचीसुद्धा चव लागत नाही.

घरीच गाळा, पुरचुंडी काढा, उकळत्या पाण्याने विसळलेल्या स्टीलच्या थर्मासात भरा. थर्मासात मसाला राहिला तर तीन तासांत काढा होतो. लिंबू शेतावर पोचल्यावर पिळा. तिथे तापवायची वेळ आली तर स्टीलचंच भांडं घ्या. ॲल्युमिनियम नको आणि कल्हई उडालेलं तांब्या-पितळेचं तर अजिबात नको, आंबट रसात धातू उतरतो.

प्रश्न : आमच्याकडे सफरचंदापेक्षा आमसूल हाताशी. त्याचं गरम पेय होईल का? सारासारखं नको. (कुडाळ)

होईल, आणि सफरचंदापेक्षा स्वस्त. १२ आमसुलं दोन कप गरम पाण्यात अर्धा तास भिजवून कुस्करा, गाळा. दोन कप पाण्यात अर्धा चमचा भरडलेलं जिरं, चार मिरे आणि पाव चमचा सुंठ घालून सहा मिनिटं उकळा, चार मोठे चमचे गूळ विरघळवा, गाळा. त्यात कोकमाचं पाणी ओतून फक्त वाफ येईपर्यंत तापवा. उकळत ठेवलंत तर लाल रंग जाऊन विटकरी होतो. आमसुलात मीठ असतंच, म्हणून चाखल्याशिवाय वरून घालू नका. आगळ (कोकमाचा खारवलेला घट्ट रस) वापरत असाल तर मिठाचा डबा उघडूच नका.

प्रश्न : मधुमेह असेल तर? (ठाणे)

गूळ न घालताही सफरचंदाच्या बाजारी रसाच्या २०० मिली कपात सुमारे २० ग्रॅम साखर असते, घरच्या निथळलेल्या रसात पाणी जास्त असल्याने साधारण निम्मी. चोथा गाळणीत राहिल्याने ती रक्तात लवकर उतरते. तुमच्या आहारात ते बसतं का, हे डॉक्टरांना विचारा. कुडाळच्या उत्तरातलं आमसुलाचं पेय गूळ वगळून, सुंठ किंचित वाढवून केलंत तर त्यात साखर जवळजवळ नसते. रक्तदाबही असेल तर आमसुलं आधी पाण्यातून विसळून घ्या, मीठ कमी होतं.